फुटेजचा सातबारा

वाचणाऱ्यांना संदर्भ लागावा म्हणून तुमचे प्रश्न आधी थोडक्यात लिहिते. तुम्ही गिरणगावावर माहितीपट करताय. १९८२ च्या संपाचं फुटेज कुठे मिळेल आणि ते कसं वापरावं, हा पहिला प्रश्न. तुमचे आजोबा गिरणीच्या कामगार कल्याण विभागात होते. त्यांच्या माळ्यावर सोळा मिलिमीटर फिल्मचे पत्र्याचे तीन डबे सापडलेत, त्यांचं काय करायचं, हा दुसरा. आणि तुमचे निर्माते म्हणतात की जुनं फुटेज मुलाखतींमधल्या फटी बुजवायला लागतं, त्यावर एवढा वेळ आणि पैसा कशाला घालवायचा? त्यांचं म्हणणं बरोबर आहे का, हा तिसरा.

तिसऱ्यापासून सुरुवात करते. तिथे गफलत झाली की पुढचं सगळं काम कच्च्या पायावर उभं राहतं.

मी सव्वीस वर्षं चित्रपटांचं संकलन करते आहे आणि त्यातली निम्मी तरी दुसऱ्यांनी टिपलेलं चित्रण शोधण्यात, बघण्यात आणि जुळवण्यात गेली. सुरुवातीला मीही फटीच बुजवत होते. मुंबईच्या कामगार चळवळीवरच्या एका माहितीपटात एक आजी संपाच्या दिवसांबद्दल बोलत होत्या. घरात दाणा नव्हता, नवरा गावी निघून गेला, मी डबे करून पोरं जगवली. त्यांच्या आवाजावर लावायला चित्र हवं होतं. बाहेरून मागवलेल्या एका कॅसेटवर बायकांच्या मोर्चाचा अकरा सेकंदांचा तुकडा होता, आणि सोबतच्या यादीत लिहिलं होतं : ‘गिरणी संप, महिला मोर्चा, मुंबई’. संतापलेले चेहरे, वर उचललेले हात, काही नऊवारी, काही पाचवारी. आजींच्या वाक्यावर तो इतका चपखल बसला की मी पुढे काही विचारलंच नाही. आमचा पडदा रुंद होता, जुनी चौकट चौकोनी. म्हणून ती वरून-खालून कापून मोठी केली आणि मोकळी झाले.

परळला एका सभागृहात खेळ झाला. दिवे लागल्यावर मागच्या रांगेतून एक वयस्क बाई हळूहळू पुढे आल्या. म्हणाल्या, “पोरी, तो मोर्चा संपाचा नव्हे गं. तो आमचा लाटणं मोर्चा. मी आहे त्यात.” मी म्हटलं, “पण मावशी, लाटणी तर कुठेच दिसत नाहीत.” त्या म्हणाल्या, “दिसतील कशी? आमचे हातच कापलेत तुम्ही मनगटापासून.”

दुसऱ्या दिवशी सकाळी कॅसेट पुन्हा लावली, या वेळी पूर्ण चौकट. चारास तीनची चौकट सोळास नऊमध्ये भरायची तर उंचीचा चौथा हिस्सा जातो. आम्ही त्यातला बराचसा वरून काढला होता, चेहरे मोठे दिसावेत म्हणून. त्या काढलेल्या पट्टीत मी नऊ लाटणी मोजली. १९७२ पासून महागाई प्रतिकार संयुक्त महिला समितीने मुंबईत काढलेल्या मोर्चांपैकी तो एक. मृणाल गोरे, अहिल्या रांगणेकर यांच्या पिढीचं ते आंदोलन. रॉकेल, तेल, धान्य यांसाठी मध्यमवर्गातल्या आणि कामगारवस्तीतल्या बायका एकत्र रस्त्यावर आल्या होत्या. गिरणी संपाला तेव्हा बरीच वर्षं होती. यादी चुकीची होती हे खरं. पण यादीवर विसंबले ती मी, आणि पुरावा कात्रीने उडवला तोही मीच. त्या बायकांचा लढा त्यांच्याकडून काढून मी दुसऱ्याच कुणाच्या तरी नावावर चढवला होता.

तेव्हापासून मी प्रत्येक तुकड्याचा सातबारा मागते. जमीन घेताना आपण बघतो ना, नाव कुणाचं, पीक कोणतं, बोजा किती, फेरफार कधी झाले? फुटेजचंही अगदी तसंच. कॅमेरा कुणी धरला होता, पैसे कुणाचे होते, कुठल्या दिवशी, कुठल्या नाक्यावर? मूळ फिल्म पस्तीस मिलिमीटर, सोळा की व्हिडिओ? तिथून माझ्या हातात येईपर्यंत किती नकला झाल्या आणि प्रत्येक नकलेत काय कापलं, काय वाढवलं? मालकी आज कुणाकडे आहे? एवढं माहीत असेल तर अकरा सेकंदांचा तुकडा तुमच्या फिल्ममध्ये साक्षीदारासारखा बोलतो. नसेल तर तो पडद्यावर नुसता हलत राहतो.

निर्मात्यांना एस्फिर शूबची गोष्ट सांगा. ही सोव्हिएत संकलक. रशियन क्रांतीला दहा वर्षं झाली तेव्हा, १९२७ मध्ये, तिने रोमानोव्ह राजघराण्याच्या अस्तावर पूर्ण लांबीची फिल्म केली, आणि तिचा गाभा होता तळघरांतून, ओल लागलेल्या डब्यांतून शोधलेलं जुनं चित्रण. साठ हजार मीटर फिल्म तिने बघितली. त्यात झारच्या दरबारी छायाचित्रकारांनी काढलेले समारंभ होते, जहाजावरची नाचगाणी होती, राजाच्या कौतुकासाठी टिपलेली. शूबने ती खोडली नाहीत, त्यांना काही जोडलंही नाही. फक्त शेजारी शेतात राबणारी माणसं ठेवली आणि मध्ये नेमक्या पाट्या घातल्या. हे तिला साधलं, कारण कुठला तुकडा कुणी कुणासाठी काढला ते तिला माहीत होतं. हे काम फटी बुजवण्याचं म्हणता येईल का?

आणि चौकटीतून काय कापलं जातं याचं मोल सरकारांनाही चांगलं कळतं. नाझी छळछावण्यांवर फ्रान्समध्ये १९५५ साली एक माहितीपट झाला. त्यातल्या एका जुन्या छायाचित्रात फ्रान्समधल्याच एका छावणीवर पहारा देणारा फ्रेंच पोलीस दिसत होता. ओळखू येत होता तो त्याच्या टोपीवरून. फ्रेंच सेन्सॉरने ती टोपी झाकायला लावली, कारण ती दिसली की फ्रेंच लोकांचा त्यातला सहभाग दिसत होता. एक टोपी, नऊ लाटणी. एवढ्याशा गोष्टींवर कुणी काय केलं हे ठरतं.

आपल्याकडचं उदाहरण तर याहून जवळचं आहे. ७ डिसेंबर १९५६ ला बाबासाहेबांची अंत्ययात्रा राजगृहापासून दादरच्या चौपाटीपर्यंत गेली. ती नामदेव व्हटकरांनी पदरमोड करून चित्रित केली. पुढे ती दृश्यं आपण किती ठिकाणी पाहिली! रस्ता दिसत नाही इतकी माणसं, फुलांनी झाकलेली गाडी. पण पडद्यावर त्यांचं नाव किती वेळा आलं? फार थोड्या वेळा. माझ्या दृष्टीने ही बेपर्वाई फिल्म हरवण्याइतकीच गंभीर आहे. कुणीतरी स्वतःच्या खिशात हात घातला म्हणून ते दृश्य आज आहे, हे कळलं की बघणाऱ्याची नजर बदलते. मग तो विचारतो की बाकीचे कॅमेरे कुठे होते.

हरवण्याचा हिशेब मांडायला बसलं की मन विषण्ण होतं. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सावेदादा, यांनी १८९९ मध्ये मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये पुंडलिकदादा आणि कृष्णा न्हावी यांची कुस्ती चित्रित केली. १९०१ मध्ये रँग्लर परांजपे केंब्रिजहून परतले, त्यांचं स्वागत टिपलं. भारतीय माणसाने काढलेलं हे अगदी पहिलं वार्ताचित्रण. आज ते बघायला मिळत नाही. कोलकात्यात हिरालाल सेन यांचं काम १९१७ च्या आगीत गेलं. आपल्या देशात तेराशेहून जास्त मूकपट झाले, त्यातले जेमतेम तीसच्या आसपास उरलेत, तेही बरेच तुकड्यांत. १९३१ चा पहिला बोलपट उरलेला नाही. पी. के. नायर त्याच्या शोधात निर्मात्यांच्या घरी गेले होते. उरलेली रिळं चांदी काढण्यासाठी देऊन टाकल्याचं त्यांना तिथे कळलं. काळ्यापांढऱ्या फिल्मवरची प्रतिमा चांदीच्या कणांची असते, आणि चांदीला बाजारात भाव असतो.

नायर यांचं नाव आलंच आहे तर थांबून सांगते. पुण्यात १९६४ मध्ये राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय सुरू झालं, पुढच्याच वर्षी ते तिथे आले आणि १९९१ पर्यंत डबे गोळा करत राहिले. फाळक्यांचं जे काही आज आपण बघतो ते नाशिकच्या फाळके कुटुंबीयांपर्यंत ते पोचले म्हणून. ‘राजा हरिश्चंद्र’ची चारपैकी दोन रिळं मिळाली, पहिलं आणि शेवटचं. आता यातली खरी मेख बघा. ती रिळं १९१३ ची, की फाळक्यांनी १९१७ मध्ये पुन्हा केलेल्या आवृत्तीची, यावर अभ्यासकांत वाद आहे. शाळेच्या पुस्तकात छापलेल्या, आपल्या सिनेमाच्या जन्माच्या चित्राचाच सातबारा वादात! फाळके स्वतः काम करताना दिसतात ती दृश्यंही त्यांनीच केलेल्या एका छोट्या फिल्मच्या तुकड्यातली आहेत. चित्रपट कसा तयार होतो हे लोकांना कळावं म्हणून १९१७ च्या सुमारास त्यांनी ती काढली होती. म्हणजे तो गुपचूप टिपलेला क्षण नाही, फाळक्यांनी स्वतः मांडलेलं स्वतःचं चित्र आहे. ते वापरताना मी हे सांगते, आणि सांगितल्याने ते दृश्य जास्तच मोलाचं वाटतं.

पुढे जानेवारी २००३ मध्ये पुण्यातल्या जुन्या प्रभात स्टुडिओच्या आवारात नायट्रेट फिल्मच्या कोठाराला आग लागली आणि बरीच मूळ रिळं खाक झाली. नायट्रेट ही १९५० च्या दशकाच्या सुरुवातीपर्यंत वापरात असलेली फिल्म. ती जळताना लागणारा प्राणवायू स्वतःच पुरवते, पाण्याखालीसुद्धा जळत राहते. घाबरू नका, तुमच्या डब्यांत ती असणार नाही. सोळा मिलिमीटरची फिल्म १९२३ मध्ये बाजारात आली तीच मुळी घराघरांत वापरता यावी म्हणून न पेटणाऱ्या अ‍ॅसिटेटवर. अ‍ॅसिटेटचं दुखणं वेगळं असतं, त्याकडे येतेच.

आता १९८२. संप १८ जानेवारीला सुरू झाला, अडीच लाखांच्या आसपास कामगार, नेतृत्व डॉ. दत्ता सामंतांचं, आणि तो मागे घेतल्याची रीतसर घोषणा कधीच झाली नाही. इतकी मोठी घटना, पण चित्रण विखुरलेलं. सरकारी वार्तापट काढणाऱ्या फिल्म्स डिव्हिजनचा साठा २०२२ च्या विलीनीकरणानंतर एनएफडीसीकडे, म्हणजे राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाकडे आहे. तिथले वार्तापट बघा आणि सोबतची डोपशीट, म्हणजे छायाचित्रकाराने भरून दिलेला कागद, मागा. चित्राइतकाच तो महत्त्वाचा. मुंबई दूरदर्शन १९७२ पासून सुरू होतं. दूरदर्शनचं रंगीत प्रसारण १९८२ मध्येच सुरू झालं, पण संपानंतर काही महिन्यांनी. म्हणून संपाच्या पहिल्या दिवसांचं रंगीत दृश्य समोर आलं तर कॅमेरा कुणाचा होता हे विचारायचं. उत्तर बहुधा परदेशी वृत्तसंस्था असं येईल. व्हिसन्यूजचा साठा आता रॉयटर्सच्या संग्रहात आहे, यूपीआयटीएनचा फिरत फिरत असोसिएटेड प्रेसकडे गेला. त्यांच्या शॉटलिस्ट, म्हणजे दृश्यांच्या याद्या, तारखेनिशी असतात, पण लंडनमध्ये बसलेल्या माणसाने लिहिलेल्या. त्यात लालबागचं नाव दादरला लागलेलं मी पाहिलं आहे. ब्रिटिश पाथेकडे या वर्षासाठी जाऊ नका, त्यांचे वार्तापट १९७० मध्येच थांबले. त्याआधीचं गिरणगाव हवं असेल तर मात्र जरूर जा.

आणि जिथे कुणी जात नाही तिथे जा. लालबाग-परळच्या गणेशोत्सव मंडळांकडे ऐंशीच्या दशकातल्या व्हीएचएस कॅसेटी आहेत. विसर्जनाची मिरवणूक गिरणीच्या भिंतीजवळून जाते, मागे भोंग्याची चिमणी दिसते, फाटकाला कुलूप दिसतं. लग्नाच्या कॅसेटींत चाळीची गॅलरी, पाण्याचा नळ, पंगतीत बसलेले बिनपगारी कामगार. युनियनच्या जुन्या कार्यकर्त्यांच्या घरी, व्यायामशाळांत, भजनी मंडळांत विचारा. कॅसेट मागायला जाताना त्या घरच्यांना एक नक्कल करून देण्याचं कबूल करा आणि ते पाळा. फुटेज घेऊन गेलेला माणूस परत आला नाही, हे मी पुष्कळ घरांत ऐकलं आहे. आपण परत जायचं.

इथे एक घाईची गोष्ट. फिल्मपेक्षा चुंबकीय टेप लवकर मरते. त्या काळच्या बातम्या ज्या पाऊण इंची यू-मॅटिक कॅसेटवर आहेत त्यांच्यातला चिकटवणारा थर दमट हवेत पाणी धरतो. मग टेप मशीनच्या हेडला चिकटते आणि करकरत थांबते. तशा टेपला आधी मंद उष्णतेत काही तास शेकावं लागतं आणि मग एकदाच, नीट, उतरवून घ्यावं लागतं. हे जाणकाराकडूनच करून घ्यायचं, घरच्या ओव्हनमध्ये कधीही नाही. चालू स्थितीतली यू-मॅटिक मशीन दर वर्षी कमी होताहेत. म्हणून तुमच्या यादीत फिल्मचा डबा आणि यू-मॅटिक दोन्ही असतील तर पैसे आधी यू-मॅटिकवर खर्च करा.

ओळख पटवण्याचं काम मला मनापासून आवडतं, म्हणून थोडं लांबवर सांगते. गेल्या वर्षी एका कुटुंबाकडून एक रीळ आलं, डब्यावर फक्त ‘लालबाग’. टेबलावर दोन्ही बाजूंना रिवाइंडर, मध्ये दिव्याची पेटी, डोळ्याला भिंग. हातात सुती मोजे, फिल्म फक्त कडेने धरलेली. आधी चित्राकडे बघायचंच नाही, कडेकडे बघायचं. तिथे ‘सेफ्टी’ शब्द असतो, कंपनीचं नाव असतं आणि कोडॅकची असेल तर चौकोन, वर्तुळ, त्रिकोण अशी बारीक चिन्हं असतात. त्यावरून फिल्म कुठल्या वर्षी तयार झाली ते कळतं. पण तीच चिन्हं वीस वर्षांनी पुन्हा येतात, म्हणजे दोन-तीन शक्यता उरतात. शिवाय एकाच कडेवर दोन प्रकारची अक्षरं दिसली तर समजायचं की हातातली नक्कल आहे आणि मूळ फिल्मची अक्षरं तीत छापून आली आहेत. त्या रिळात तशी दोन्ही होती. मग चित्राकडे वळले. रस्त्यावर ट्राम धावत होती. मुंबईची शेवटची ट्राम ३१ मार्च १९६४ ला धावली, तेव्हा चित्रण त्याच्या आधीचं. कोपऱ्यावरच्या थिएटरवर पोस्टर लागलेलं, अक्षरं वाचता येईनात. मी एकेक चौकट पुढे सरकवत गेले. बस आडवी गेली, आणि पुढच्या चौथ्या चौकटीत पोस्टरचा अर्धा भाग उजळ झाला. नायिकेचं नाव लागलं. त्या चित्रपटाची प्रदर्शनाची तारीख जुन्या वर्तमानपत्राच्या जाहिरातीत सापडली. लोकांच्या हातात मिटलेल्या छत्र्या आणि रस्ता ओला. इतकं जुळल्यावर मी वहीत लिहिलं : जून किंवा जुलै, १९६० च्या आसपास, नक्की नाही. ‘नक्की नाही’ हे शब्द लिहायला लाजू नका. पुढच्या माणसाला त्यांचा फार उपयोग होतो.

फिल्म हातात आल्यावर संकलनात काय करावं आणि काय करू नये, यावर माझी मतं ठाम आहेत. चौकट कापायची नाही. जुनं चित्र चौकोनी असेल तर दोन्ही बाजूंना काळ्या पट्ट्या येऊ द्या, प्रेक्षकाला त्याचा त्रास होत नाही, होतो तो वाहिनीच्या माणसाला. वेग बिघडवायचा नाही. मूक काळातला कॅमेरा हाताने फिरवत, सेकंदाला सोळाच्या आसपास चौकटी. त्या आजच्या चोवीस किंवा पंचवीसच्या वेगाने सरळ चालवल्या की माणसं तुरुतुरु पळतात आणि लोक हसतात. गांधीजी भरभर चालत हे खरंच आहे, पण त्यांच्या जुन्या चित्रणात दिसणारी ती धावपळ पुष्कळदा नकलेतली चूक असते. आपले पणजोबा हास्यास्पद नव्हते, आपण त्यांना चुकीच्या वेगाने चालवतो. आवाजाचंही तेच. मूक दृश्यावर घोषणा, भोंगा, घोड्यांच्या टापा घालायच्या असतील तर घाला, पण तो आवाज त्या दिवसाचा नाही हे श्रेयनामावलीत लिहा.

रंग चढवण्याबद्दल तुम्ही विचारलं नाहीत, पण निर्माते विचारतील. २०१८ मध्ये पीटर जॅक्सनने पहिल्या महायुद्धाचं इम्पीरियल वॉर म्युझियममधलं चित्रण रंगवलं, वेग सुधारला, ओठांच्या हालचाली वाचणाऱ्यांना बसवून संवाद शोधून काढले. फार मेहनतीचं काम आहे, आणि मूळ चित्रण संग्रहालयात जसंच्या तसं आहे म्हणून मला ते मान्य आहे. तरीही गिरणी कामगाराच्या सदऱ्याचा रंग संगणकाने ठरवावा हे मला पटत नाही. सदरा कुठल्या रंगाचा होता हे सांगणारी माणसं अजून लालबागमध्ये आहेत. आणि आता तर चित्रंच नव्याने बनवून ‘जुनी’ म्हणून लावता येतात. तुमच्या फिल्ममध्ये असं एकही दृश्य घ्यायचं ठरवलंत तर ते पडद्यावर, त्याच क्षणी, स्पष्ट शब्दांत सांगा. एका खोट्या तुकड्यामुळे बाकीचे वीस खरे तुकडे संशयात जातात.

हक्कांचं थोडक्यात. आपल्या कायद्यानुसार चित्रपटाचा हक्क प्रकाशनाच्या पुढच्या वर्षाच्या सुरुवातीपासून ६० वर्षं चालतो. १९८२ मध्ये प्रदर्शित झालेला वार्तापट २०४२ संपेपर्यंत कुणाच्या तरी मालकीचा आहे. डबा ज्याच्या घरात, त्याचाच हक्क, असं नसतं. आजोबांनी गिरणीच्या नोकरीत असताना ते चित्रण केलं असेल तर हक्काचा प्रश्न गुंतागुंतीचा होईल, वकिलाचा एक तास विकत घ्या. आणि सुरुवातीलाच घ्या. फिल्म कापून झाल्यावर एका तुकड्याची परवानगी नाकारली की आख्खा प्रसंग कोसळतो.

आता माळ्यावरचे तीन डबे. आधी त्यांना माळ्यावरून खाली आणा. पत्र्याच्या छपराखालचा उकाडा आणि मुंबईचा दमटपणा यांच्याइतका फिल्मचा वैरी दुसरा नाही. उघडण्यापूर्वी प्रत्येक डब्याचा सगळ्या बाजूंनी फोटो काढा. झाकणावरचा कागद, पेन्सिलीची अक्षरं, चिकटपट्टीवरचा आकडा, सगळं. आत कागदाचा कपटा असेल तर तो फिल्मपासून वेगळा काढून, त्याच डब्याचा क्रमांक घालून ठेवा.

झाकण उघडल्यावर नाक सांगेल. आंबट, लोणच्याच्या बरणीत उरलेल्या सिरक्यासारखा वास आला तर अ‍ॅसिटेट कुजायला लागलं आहे. त्या कुजण्यातून आम्ल बाहेर पडतं आणि तेच आम्ल कुजणं वाढवतं, म्हणून असा डबा बाकीच्यांपासून लांब ठेवायचा. किती बिघडलं आहे ते मोजायला निळ्या कागदी पट्ट्या मिळतात. डब्यात एक दिवस ठेवल्या की रंग हिरव्याकडे आणि मग पिवळ्याकडे जातो. पिवळी आली तर स्कॅनिंग पुढच्या महिन्यावर ढकलू नका. फिल्मवर पांढरी जाळी दिसली तर ती बुरशी. चित्राचा थर जिलेटिनचा असतो आणि बुरशीला ते अन्न असतं. ओल्या फडक्याने पुसायला जाऊ नका, चित्र फडक्यावर येईल. चित्र गुलाबी झालेलं दिसलं तर रंगीत प्रिंटमधले निळे-हिरवे रंग उडालेत. स्कॅनमध्ये त्यातलं बरंच परत आणता येतं.

प्रोजेक्टरवर लावून ‘एकदा बघूया’ हा मोह होईल, मलाही होतो. लावू नका. आकसलेल्या फिल्मची छिद्रं दात्यांवर बसत नाहीत आणि पहिल्या मिनिटातच फाटत जातात. सोळा मिलिमीटरचे ४०० फूट म्हणजे अकरा मिनिटं, ती एका फेरीत जाऊ शकतात. दात्यांशिवाय चालणाऱ्या स्कॅनरवर द्या, निदान दोन हजार पिक्सेल रुंदीत. त्यांना सांगा की चौकटीच्या बाहेरची कडही छिद्रांसकट स्कॅनमध्ये हवी आहे, ओरखडे पुसायचे नाहीत, वेग बदलायचा नाही. ती तुमची मूळ डिजिटल प्रत. तिच्या तीन नकला करा, एक दुसऱ्या गावी. साफसफाई करायची ती वेगळ्या नकलेवर.

आणि स्कॅन झालं म्हणून डबे टाकायचे नाहीत. हार्ड डिस्क दहा वर्षं निघाली तरी नशीब, फिल्म थंड आणि कोरड्या जागी तुमच्या नातवंडांपर्यंत टिकते. अगदी खराब झालेली सुद्धा. सत्यजित राय यांच्या अपू चित्रत्रयीच्या निगेटिव्ह १९९३ मध्ये लंडनमधल्या आगीत होरपळल्या. त्या वितळलेल्या, ठिसूळ रिळांचं तेव्हा कुणी काही करू शकत नव्हतं, तरी ती टाकली नाहीत, ऑस्कर देणाऱ्या अमेरिकेतल्या अकादमीच्या संग्रहात जपून ठेवली. वीस वर्षांनी इटलीतल्या बोलोन्याच्या कारागिरांनी एकेक चौकट ओलावून, सांधून त्यातला बराच भाग वाचवला. २०१५ मध्ये ते चित्रपट पुन्हा पडद्यावर आले. तेव्हा तुमचा डबा कुणी ‘मेला’ म्हणून सांगितलं तरी ठेवा. घरी जागा नसेल तर पुण्याच्या संग्रहालयाला किंवा मुंबईच्या फिल्म हेरिटेज फाउंडेशनला लिहा. देताना आजोबांचं नाव, नोकरीची वर्षं, गिरणीचं नाव असा कागद सोबत जोडा.

एक काम स्कॅन आल्याआल्या करायचं आहे. आजोबांबरोबर नोकरीला असलेलं कुणी हयात असेल तर त्यांना बसवून चित्रण दाखवा आणि शेजारी आवाज रेकॉर्ड करत राहा. प्रश्न कमी विचारा, दृश्य थांबवत जा. लाटणं मोर्चातल्या त्या मावशींना मी पुढे आमच्या संकलनाच्या खोलीत बोलावलं होतं. पूर्ण चौकट लावली. अकरा सेकंद आम्ही दोन तास बघितले. त्यांनी चौघींची नावं सांगितली, कोण कुठल्या चाळीतली ते सांगितलं, डावीकडची बाई रडत नाही, तिला ऊन लागतंय हे सांगितलं. स्वतःच्या हाताकडे बोट दाखवून म्हणाल्या, “हे लाटणं माझ्या सासूचं. परत नेलं नसतं तर घरात घेतलं नसतं.” त्या तुकड्याच्या नोंदीत आता हे सगळं आहे, आणि चुकीचं जुनं नावही मी खोडलेलं नाही, पुढे ‘चूक’ असं लिहून ठेवलं आहे. कुणी उद्या जुन्या यादीवरून शोधत आलं तर त्याला कळावं.

डबे मात्र जूनच्या आधी माळ्यावरून खाली आणा. पहिला पाऊस पडला की पत्र्याला पाणी सुटतं.